गोमाभावजींच्या तणतण्या

सकाळी सकाळी दारात उभं राहून कोणी म्हणालं, "वयनी, काल तुमच्या घरची आमटी चाखली. पाण्याला लांबून डाळ दाखवली होती का काय?" तर तुम्ही काय कराल? मी पहिल्यांदा केरसुणी घेऊन धावले होते. आता बसायला पाट देते.

हा माणूस म्हणजे आमचे शेजारी गोमाभावजी. नात्याने माझ्या नवऱ्याचे चुलतचुलत भाऊ, उंचीने माझ्या खांद्याइतके, आणि स्वभावाने असे मऊ की वाटेत मुंग्यांची रांग लागली तर ती संपेपर्यंत कडेला उभे राहतील. अशा माणसाच्या वाट्याला धंदा कोणता यावा, तर लोकांना चिडवण्याचा. वडिलांकडून आलेला, त्यांना त्यांच्या वडिलांकडून. भावजींच्या काखेत कायम एक लाकडी मधपेटी असते आणि त्या पेटीत तणतण्या असतात.

तुमच्याकडे तणतण्या नसतील तर सांगते. साध्या सातेरी माश्या फुलांवर जातात नि मध करतात. तणतणी फुलाकडे ढुंकून बघत नाही. ती राग पिते. माणूस खराखुरा चिडला की त्याच्या कानशिलांतून एक वाफ निघते, ती आपल्याला दिसत नाही, तिला दिसते. ती येते, डोक्याभोवती गिरक्या घेते, वाफ पिऊन परत पेटीत जाते. चावत नाही. उलट माणसाला न्हाऊन आल्यासारखं वाटतं. कर्जतपासून कळंबपर्यंतच्या पट्ट्यात या माश्या पूर्वीपासून आहेत. वर डोंगरातल्या वाड्यांवर निराळ्या असतात, त्या भीती पितात म्हणे. मी त्यांच्या वाटेला जात नाही. मला अधूनमधून भ्यायला आवडतं.

तणतणीचा मध गाजराच्या रंगाचा. आधी गोड लागतो, मग लवंगेसारखा चुरचुरतो. एक बोट चाटलं की जे बोलायला जीभ उचलत नव्हती ते नीट, सरळ, न ओरडता बोलता येतं. राग माश्यांनी पिऊन टाकलेला असतो, मधात नुसती धार उरते. मुलीच्या सासरी बोलणी करायला निघालेला बाप, साहेबाकडे रजा मागायला निघालेला मुलगा, नेरळच्या सोसायटीत पाण्यावरून मीटिंगला निघालेल्या बायका, सगळे आधी भावजींच्या ओट्यावर येऊन बोट पुढे करतात. माझी सून मनीषा नवी मुंबईला मुलाखतीला जाताना चमचाभर खाऊन गेली. तिला नोकरी लागलीच, वर तिने तिथल्या साहेबांना खिडकीचा पडदा धुवायला लावला.

माझं माहेर खालापूरकडचं. तिकडे या माश्या नाहीत. तिकडे राग आला की लोक भांडतात किंवा गिळतात, तिसरी सोय नाही. लग्न होऊन मी इकडे आले तेव्हा मी म्हणजे एक थोर प्रकरण होते. अकरावी पास होते आणि ते विसरायची घरात कोणाला परवानगी नव्हती, मी विसरूच देत नव्हते. सासूबाईंनी मीठ मागितलं तरी मी ते देताना शाळेत बक्षीस देतात तसं द्यायची. तर अशी मी चुलीपुढे बसून भाकऱ्या करतेय आणि दारातून आवाज आला, "नव्या वयनी, ही भाकरी हाय का कोकणाचा नकाशा? रत्नागिरी लई बाहेर आलीय."

मी केरसुणी उचलली. अंगणात आले तर हा एवढासा माणूस पेटीचं दार उघडून हात जोडून उभा, आणि पेटीतून माश्यांचा झोत निघालेला, सरळ माझ्या डोक्यावर. मी सूप डोक्यावर पालथं घालून खाली बसले आणि सगळ्या देवांची नावं घेतली. शेवटी देव संपले, तेव्हा माहेरच्या मास्तरांचंही घेतलं. थोड्या वेळाने गुणगुण थांबली. मी उभी राहिले. हातात केरसुणी का आहे ते काही केल्या आठवेना, म्हणून अंगण झाडून टाकलं. सासूबाई दारातून म्हणाल्या, "पोर कामाची हाय." सासरी मिळालेली ती माझी पहिली शाबासकी.

आणि भावजी पेटी काखेत घेताना म्हणाले, "राग मानलात, उपकार झाले. असाच लोभ, म्हंजे, असाच राग राहू दे."

हे त्यांचं ठरलेलं बोलणं. इतर माणसं बोलण्याआधी राग मानू नका म्हणतात. भावजी म्हणतात, "वयनी, जरा राग माना हां." आणि मग अपमान करतात. तोही मनापासून नाही. आदल्या रात्री जुळवून ठेवलेला असतो. अपमान करताना त्यांचे कान लाल होतात. जास्त लागलं असं वाटलं तर संध्याकाळी हळूच चार केळी ओट्यावर ठेवून जातात.

रागालाही हंगाम असतो. उन्हाळ्यात तणतण्यांची चंगळ. पाण्याचा टँकर असतो, लग्नातले मानपान असतात, जेवणाच्या पहिल्या पंगतीला कोणाला बसवलं नाही हे असतं. मग पेरणीच्या वेळी बांध कोणी कोरला हे येतं. त्या दिवसांत भावजी नुसते झाडाखाली पेटी उघडून बसतात, माश्या आपापल्या जाऊन पिऊन येतात. हाल सुरू होतात गौरी-गणपतीनंतर. भात पोटरीत आलेलं असतं, लेकी माहेरपण करून गेलेल्या असतात, लोकांच्या पोटात मोदक असतात. कोणाला चिडायला सवड नसते. तेव्हा भावजी पेटी घेऊन दारोदार हिंडतात.

त्यात आता मोबाईल आला. पूर्वी माणूस ओट्यावर चिडायचा, आता हातातल्या मोबाईलवर चिडतो, तोही ओळखीच्या ना पाळखीच्या माणसावर. मनीषाने एकदा गमतीने पेटीपुढे तिच्या गटातली वादावादी मोठ्याने वाचून दाखवली. तणतण्यांनी तोंडसुद्धा लावलं नाही. भावजी म्हणाले, "हा राग शिळा हाय बाय. दहा जणांनी उष्टावलेला."

हे सगळं गमतीचं वाटतं, पण भुकेली तणतणी गमतीची नसते. पोटभर असते तेव्हा ती वरवरची वाफ पिते. उपाशी असली आणि रागाने भरलेलं माणूस समोर आलं, तर ती मुळापर्यंत जाते. कळंबच्या बाजूला एका माणसाला उपाशी माश्यांनी गाठलं होतं. तेव्हापासून तो कोणाला नाही म्हणत नाही. भावाने बांध सरकवला, तो हसला. टेंपोवाल्याने त्याच्या अंगणात टेंपो लावला, तो हसला. त्याची बायको सांगते, पोरगी परीक्षेत नापास झाली तेव्हाही तो असाच बघत होता, जसं दुसऱ्याच कुणाच्या पोरीचं सांगतेय. मला त्या माणसाच्या हसण्याची भीती वाटते.

आणि उपाशी माश्यांना कोणीच मिळालं नाही तर त्या उठतात. घाटाच्या रानाकडे जातात, परत येत नाहीत. तणतण्या विकत मिळत नाहीत, धरून आणता येत नाहीत. कोणाच्या हाताखाली राहायचं ते त्यांचं त्या ठरवतात. भावजींच्या वडिलांच्या वेळी परसभर पेट्या होत्या. एकेक करून उठल्या. यंदा एकच उरली होती.

त्या पेटीला यंदा दुष्काळ पडला, आणि कारण ऐकाल तर हसाल. गावाला भावजी फार आवडायला लागले.

इतकी वर्षं या माणसाने सगळ्या गावाचा राग काढून नेला होता. भावाभावांचे अबोले सुटले होते, सासवा-सुना एका ताटात जेवत होत्या. लोक कृतज्ञ झाले. यंदा गणपतीनंतर भावजी पेटी घेऊन निघाले तर घराघरांतून हाका. "या या, शिव्या द्या, पण आधी चहा घ्या." भावजी कान लाल करून कोणाला म्हणाले, "तुझा पोरगा दोनदा बारावीला बसला, आता बाकाला पालवी फुटेल." तर पोराची आई टाळी देत म्हणाली, "काय बोलता ओ भावजी. परत बोला, ह्यांना बोलवते." पोरगाही मागून हसला. पेटीतल्या माश्या दाराशी आल्या, वाट पाहिली, आत गेल्या.

भावजी त्या दिवशी माझ्या ओट्यावर येऊन म्हणाले, "वयनी, लोकं लई चांगली झालीत. मी मेलो यात."

मग गावाने आणखी चांगुलपणा केला. आमची सरपंच वैशाली, उत्साही पोर आहे, तिने ठरवलं की भावजींच्या माश्या गावाने जगवायच्या. देवळाच्या सभामंडपात भांडण ठेवलं. अगदी माईक लावून. दोन जावा नळावरून भांडणार, मध्ये सासरा ओरडणार. सासऱ्याचं काम वैशालीच्या नवऱ्याला दिलं होतं, कारण त्याच्याकडे फेटा होता. आठवडाभर तालमी चालल्या. मी पहिल्या रांगेत बसले होते, पोहे खात.

भांडण सुरू झालं. जावा झकास भांडल्या. सासऱ्याने फेटा आपटला. भावजींनी पेटीचं दार उघडलं. माश्या बाहेर आल्या, जावांच्या डोक्यावर एक घिरटी घेतली, वास घेतला. आणि पेटीतून एक आवाज निघाला, जो मी इतक्या वर्षांत ऐकला नव्हता. बारीक, धारेच्या दगडावर सुरी घासावी तसा. दुसऱ्या क्षणी सासऱ्याच्या नाकावर एक माशी बसलेली होती आणि सासरा माईकमध्ये खऱ्या आवाजात आईला हाक मारत होता.

लोक पोट धरून हसले. मीही हसले, पोह्यांचा ठसका लागला. मग भावजींकडे पाहिलं. ते गुडघ्यावर बसून पेटीला कान लावून ऐकत होते. त्यांचा चेहरा पाहून माझं हसू जागच्या जागी राहिलं.

"खोटा राग दाखवला," ते म्हणाले. "आता त्यांचा इस्वास गेला."

दुसऱ्या दिवशी दुपारी ते माझ्या अंगणात आले. पेटी पायरीजवळ ठेवली. आणि म्हणाले, "वयनी, बसू का?"

हा माणूस माझ्या दारात कधी असं सरळ बोललाच नव्हता. आमटीचं काही नाही, भाकरीचं काही नाही. मी पेटीकडे पाहिलं. माश्या आत नव्हत्या. दाराखाली त्यांचा घोस लोंबत होता, एकीला एक धरून, वितीएवढा. सगळ्यांची तोंडं घाटाकडे.

"निघायला बसल्यात," भावजी म्हणाले. "ऊन माथेरानच्या मागं गेलं की उठतील."

"मग असे बसलात काय? उठा, हिंडा, कुणाला तरी चिडवा."

"हिंडून आलो. पाच घरी चहा पाजला. एकीनं तर ओवाळलं मला." ते हसायला गेले, पण जमलं नाही. "घरी बसवंना. तुमच्या अंगणात ऊन जास्त वेळ ऱ्हातं. म्हटलं, तेवढीच सोबत."

ऊन तेव्हा तुळशीच्या कट्ट्यावर होतं. मी पदर खोचला. म्हटलं, एवढं काय अवघड आहे, मी चिडते. डोळे मिटून चिडायला बसले. आधी गॅसचा भाव आठवला. मग पुढारी आठवले. मग मनीषाने माझा पाटा अडगळीत टाकून मिक्सर आणला ते. माश्यांनी पंख हलवले नाहीत. खरं सांगायचं तर मला मिक्सर आवडतो.

"भावजी, तुम्ही बोला काहीतरी. चांगलं लागेल असं."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. कान लाल झाले. "वयनी, तुमचं लुगडं म्हंजे... तुमचं तोंड म्हंजे..." आणि त्यांनी मान खाली घातली. "नाय ओ जमत आज."

ऊन तुळशीवरून उतरून पायरीला लागलं. घोसातून एक माशी सुटली, घाटाच्या दिशेला गेली आणि परत आली. मग दुसरी. वाट शोधायला पाठवतात त्या. भावजी त्यांच्याकडे बघत होते, आणि मला एकदम दिसलं की या पेटीशिवाय या माणसाला कोणाच्या दारात जायला कारणच नाही. त्यांची बायको, माझी जाऊ गुणाबाय, जाऊन बरीच वर्षं झाली. मूलबाळ नाही. लोक चहा पाजतील. चहा पिऊन झाला की उठावं लागतं.

तेव्हा मी ठरवलं. माझ्याकडे एक राग होता.

आमचे हे भाताची गिरणी चालवायचे. एक दिवस सकाळी म्हणाले, भाकरी आत्ता टाकू नको, मी आलो की गरम टाक. आणि आले नाहीत. गिरणीतच पट्ट्याशेजारी बसल्या बसल्या गेले. सदऱ्याच्या खिशात गोळ्या निघाल्या. छातीच्या. अर्ध्या संपलेल्या. आमटीत मीठ कमी पडलं तर हा माणूस मला तीन वेळा सांगायचा, आणि हे एकदाही सांगितलं नाही. तो राग मी कोणाला दाखवला नाही. रोज भाकरी टाकताना मी ह्यांच्याशी भांडते. मनातल्या मनात, पण कडाडून. ते माझं आणि त्यांचं आहे.

"भावजी," मी म्हटलं, "सरका. माझ्याकडं हाय." चिडायच्या वेळी मी इथल्या लोकांसारखी बोलते. "ह्यांच्या खिशात त्या गोळ्या सापडल्या ना, त्या दिवसापासनं..."

पुढचं बोलावं लागलंच नाही. छातीत जे उकळलं ते माझं मलाच अनोळखी होतं. घोस फुटला. सगळ्याच्या सगळ्या माश्या एकदम उठल्या आणि तो बारीक आवाज करत माझ्याकडे वळल्या. मला कळंबचा तो हसणारा माणूस दिसला. मी डोळे मिटले आणि म्हटलं, घ्या.

काहीच झालं नाही. डोळे उघडले तर भावजी माझ्यापुढे उभे. खांद्यावरचा टॉवेल दोन्ही हातांनी फडकवत होते, आपल्याच माश्यांना मागे सारत होते. माश्या त्यांना डसत होत्या. गालावर, मानेवर, हातांवर. हा मुंग्यांसाठी थांबणारा माणूस मोठ्याने म्हणत होता, "ह्यो नाय. ह्यो नाय घ्यायचा. जा तुमी घाटात, पण ह्यो नाय."

"बाजूला व्हा भावजी."

"नाय होणार."

"अहो, त्या चालल्यात."

"जाऊ देत."

"मी देते म्हणतेय ना? माझा राग हाय."

"म्हणूनच नाय. तुमाला काय कळतंय त्यातलं?"

आणि मग मला राग आला. तो जुना नाही, हा निराळाच. पायाच्या नखापासून आला. मी म्हटलं, मला कळत नाही? नवरा माझा, राग माझा, अंगण माझं, आणि काय द्यायचं नि काय ठेवायचं हे तुम्ही ठरवणार? आयुष्यभर हेच ऐकलं. सासूबाईंनी ठरवलं मी काय नेसायचं. ह्यांनी ठरवलं मला काय सांगायचं नि काय नाही. पोरगा ठरवतो मी डोंगर चढायचा की नाही. आणि आता तुम्ही, माझ्या भाकरीला नावं ठेवणारे, तुम्ही माझ्या भल्याचं बघणार? तुम्हाला विचारलं होतं कोणी? मी अकरावी पास आहे, भावजी.

शेवटचं वाक्य कुठून आलं देव जाणे. आणि डोक्याभोवती गुणगुण सुरू झाली होती. बारीक नाही, ती नेहमीची, भरदार, चुलीवर भात रटरटावा तशी. भावजींचा टॉवेल खाली गेला. माश्या गिरक्या घेत होत्या, पेटीत जात होत्या, परत येत होत्या. मी बोलत राहिले. जेवढं होतं तेवढं बोलले. बोलता बोलता शब्द हलके झाले, मग कशावर बोलत होते तेच विसरले, आणि इकडेतिकडे बघून केरसुणी शोधायला लागले.

ऊन गेलं होतं. घोस नव्हता. सगळ्या आत होत्या.

मग भीतीने मी आतल्या आत चाचपून पाहिलं. गिरणी, पट्टा, गोळ्या. होता. जागेवर होता, तसाच टोचणारा.

"ताजा मिळाला की जुन्याला त्या शिवत नाय," भावजी म्हणाले. ते पायरीवर बसले होते. गाल सुजला होता, एक डोळा मिटत चालला होता. मी आतून चुना आणला आणि त्यांच्या डंखांना लावू लागले.

मी म्हटलं, "एवढा जिवावर बेतलेला हट्ट कशाला?"

ते पेटीकडे बघत म्हणाले, "आमची गेली तवा मला लई राग आला व्हता. दवाखान्यावर, देवावर. तिच्यावर जास्त. घरात बसवत नव्हतं त्या रागानं. मी पेटी उघडली. म्हटलं, प्या. सगळा प्यायल्या, काय ठेवला नाय. दुसऱ्या दिवशी बरं वाटलं. आंघोळ केली, जेवलो." त्यांनी हाताचा तळवा समोर धरला, जणू त्यावर काही होतं. "आता ती आठवते मला. पण गुळगुळीत झालीय, वयनी. नदीतल्या गोट्यावानी. चांगली व्हती, गोड व्हती, एवढंच. कुठं बोट अडकंना. आमी भांडायचो ना? भांडायचो असणार. कशावरनं, ते काय हाताला लागत नाय."

मी चुन्याची डबी बंद केली. मग मला गुणाबाय आठवली. गुळगुळीत? ती बाई? कंबरेला किल्ल्या खोचून, ओठांत हसू दाबून पुढच्या दाराशी उभी असलेली.

"भावजी," मी म्हटलं, "पावसात नदीला मरळ मिळायची तेव्हा मधली तुकडी कोण खायचं तुमच्या घरात?"

"मधली? ती नाय मिळायची. मांजर न्यायची."

"दर वेळी?"

"दर वेळी. लई चोरटी व्हती ती मांजर."

"मांजर नव्हती नेत. गुणाबाय वाटी झाकून ठेवायची तिच्या भावासाठी. तो खोपोलीहून यायचा, मागच्या दाराने. तुम्ही पेट्या घेऊन गेलेले असायचा."

ते माझ्याकडे बघतच राहिले. "खोटं."

"मीच द्यायची की वाटी त्याच्या हातात. ती पुढच्या दारात तुमची वाट बघत उभी राहायची, तुम्ही लवकर आलात तर खोकायची. कित्येक पावसाळे."

हे खरं होतं, अक्षर न् अक्षर. भावजींच्या कपाळावर, चुन्याच्या ठिपक्यांच्या मध्ये, एक आठी पडली. इतक्या वर्षांत त्या कपाळावर मी आठी पाहिली नव्हती.

"वयनी," ते हळू म्हणाले, "मी त्या मांजरीला नदीपलीकडं सोडून आलो."

"माहीत आहे."

"गोणीत घालून. ती ओरडत व्हती. आन् ही... ही मला सांगत व्हती, लांब सोडा, परत नाय आली पायजे."

पेटीच्या दारात दोन तणतण्या आल्या. डोकी बाहेर काढून भावजींच्या दिशेला वास घेऊ लागल्या. भावजींनी त्यांच्याकडे पाहिलं, मग उठून उभे राहिले आणि पेटीपासून लांब झाले, अंगणाच्या पार कडेला.

"पेटी आज इथंच राहू द्या," ते म्हणाले. "न्यायला येईन सकाळी."

आणि निघाले. वळून पाहिलं नाही, राग माना म्हणाले नाहीत, काही नाही. दोन्ही माश्या त्यांच्या मागे उडाल्या, त्या मी पदराने परतवल्या आणि पेटीचं दार लावून घेतलं. गल्लीच्या वळणापर्यंत त्यांचा आवाज येत होता. हात हवेत नाचवत, एका उघड्या डोळ्याने रस्ता बघत तो माणूस चालला होता आणि बोलत होता.

"भाऊ आला व्हता तर सांगायचं ना गं. मी काय नाय म्हटलं असतं? दोन तुकड्या दिल्या असत्या. आन् त्या मांजरीचं काय, गुणे? तिचं काय सांगतेस तू आता मला?"